नावं संपेपर्यंत

पडदा काळा झाला आणि नावं चढू लागली.
घड्याळात नऊ पंचवीस.
पूर्णगडची शेवटची गाडी नऊ चाळीसला.
सफवान खुर्चीच्या टोकावर,
पॉपकॉर्नचा रिकामा डबा छातीशी धरून :
"मामू, थांब. अजून हाय."

काय आहे अजून?
वज्रकेतू मेला. आम्ही दोघांनी पाहिला.
अकरा वर्षं, नऊ भाग, आणि आज
अख्खा हिमकडा अंगावर घेऊन गेला तो.
शहर वाचलं. मुठीतला उजेड विझला.
मागच्या रांगेतला आंब्याचा दलाल
चष्मा काढून रडला, मी स्वतः पाहिलं.
बाहेर पोस्टरवर तांबड्या अक्षरांत लिहिलंय : अखेरचा भाग.
छापलेल्या शब्दाला काही किंमत आहे की नाही?

सफवान म्हणतो, प्रेत कुठे दाखवलं?
म्हणतो, हातमोजा एकच सापडला.
म्हणतो, सहाव्या भागात त्यानं त्या खलाशाला विचारलं होतं,
बर्फाखाली श्वास किती वेळ टिकतो.
ते काय उगाच विचारलं?

दहा वर्षांचं पोर, आणि उलटतपासणी घेतं.

नावं चढतच राहिली.
सुतार, शिंपी, केस विंचरणारे,
हिशेब ठेवणारे, कुत्र्यांना सांभाळणारे.
मी पूर्णगडात बोटींची इंजिनं दुरुस्त करतो,
एक माणूस, एक पाना, फार तर एक पोऱ्या.
एकाला मारायला एवढी माणसं लागतात
हे मला ठाऊक नव्हतं.

झाडू घेऊन बाई दारात उभी होती.
तिला हळूच विचारलं, पुढे आहे का काही?
"मला नका विचारू," ती म्हणाली,
"मी रोज चार खेळ झाडते,
पण खाली बघून."

नऊ तेहेतीस.

ह्याचा बाप मुनाफ टँकरवर मोटरमन.
हे शेवटचं कॉन्ट्रॅक्ट, असं तो पहिल्यांदा म्हणाला
तेव्हा ह्याला दात येत होते.
मग स्लॅबसाठी एक शेवटचं.
मग धाकटीच्या लग्नासाठी.
त्यानंतरच्या वेळी कारण सांगितलंच नाही,
नुसती बॅग भरली.
गेल्या मार्चात जेटीवर पोराच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला,
पुढल्या ईदला घरी. कायमचा.
सफवाननं मान हलवली,
पाहुण्यानं "जेवून जा" म्हटल्यावर हलवतात तशी.

आणि आता हा इथे बसलाय.
कुठला शेवट खोटा निघावा म्हणून,
कुठला खरा,
त्याचं त्याला माहीत.

नऊ छत्तीसला मी उठलो.
तो उठला नाही.
मी बसलो.

गाडी भाट्याच्या पुलावर पोचली असेल
तेव्हा नावं संपली.
पडदा अंधारात तसाच राहिला, इतका वेळ
की दलालानं पिशवी उचलली.
मग उजेड. दहा-बारा सेकंद.
बर्फ. बर्फावर बूट.
चालणारे. चेहरा नाही.

"बघितलंस?"
"बूट कुणाचेही असतील."
"डावा पाय ओढतो तो, मामू.
चौथ्या भागापासून ओढतो."
मला चौथा भाग आठवेना.
दलाल पिशवी हातात धरून उभाच,
सफवानकडे बघत,
जणू ह्यानंच सांगावं आता सगळ्यांना.

नाक्यावर मासळीचा बर्फ नेणारा टेम्पो मिळाला.
मी पुढे, पोरगा माझ्या नि ड्रायव्हरच्या मध्ये.
ड्रायव्हरनं विचारलं, संपली काय मालिका?
सफवान म्हणाला, "संपली असं लिवलंय."
आणि झोपला.

गोळपच्या चढणीवर बहिणीचा फोन.
"संपला का पिक्चर?"
"गाडी चुकली."
ती रागावली नाही, म्हणून मीच थांबलो.
"ह्यांचा फोन येऊन गेला," ती म्हणाली.
"दोन महिने वाढवलेत.
आत्ता त्याला सांगू नको."

मागे बर्फाचं पाणी रस्त्यावर गळत होतं,
आम्ही आलो तिथवर एक ओली रेघ.
सफवान झोपेत
बोटांवर काहीतरी मोजत होता.